उसाच्या बांधावर बिबट्या बसलेला दिसला, आता पिंजरा मागू का?

भाऊ, तुमचा प्रश्न आधी माझ्या शब्दांत मांडतो, काही राहिलं तर सांगा. निफाड तालुक्यात गोदाकाठी तुमची मळ्यातली वस्ती. मागच्या आठवड्यात संध्याकाळी सातच्या सुमाराला मोटार बंद करायला निघालात, तर वीसेक पावलांवर बांधावर बिबट्या बसलेला. तुम्ही थांबलात, तोही बघत राहिला. मग उठला आणि सावकाश उसात गेला. दोन दिवसांनी घरचं कुत्रं नाहीसं झालं. घरात पाच वर्षांची मुलगी, म्हातारी आई, गोठ्यात सहा शेळ्या आणि दोन गायी. मुलीची शाळेची वाट दोन उसांच्या मधून. भाऊबंद म्हणतात, वनखात्याला निवेदन दे, पिंजरा लावून घे. मुंबईचा मित्र म्हणतो, तुम्हीच त्याच्या जंगलात घुसलात, आता सोसा. आणि तुम्हाला रात्री वाटतं की तो आपल्यालाच बघतोय, आपल्याला ओळखायला लागलाय.

मी पशुवैद्य. सरकारी दवाखान्यातली माझी बहुतेक नोकरी सिन्नर आणि निफाड या दोन तालुक्यांत झाली. बिबट्या समोरासमोर मी फार थोड्या वेळा पाहिला. त्यानं मारलेली शेळ्या-वासरं मात्र पुष्कळ पाहिली, कारण पंचनाम्याच्या वेळी दाखला आम्हाला द्यावा लागतो. सकाळी गोठ्यावर गेलं की मेलेल्या जनावराबरोबर आजूबाजूचंही सगळं दिसतं. दार कुठे सैल होतं, ऊस कुठवर आला होता, कुत्रं कुठे बांधलं होतं. शेजारच्या ज्या गोठ्यात काही झालं नाही, तोही दिसतो. माझं सगळं सांगणं या दोन गोठ्यांमधल्या फरकावर उभं आहे. पिंजऱ्याचं पुढे बोलतो, पण तुमची खरी काळजी मुलीची आहे असं मी धरून चालतो. ती आणि बिबट्या एका वेळी एका जागी येऊ नयेत, याची तजवीज करायची आहे. ती बरीचशी तुमच्या हातात आहे.

मित्राचं म्हणणं आधी उरकतो. 'त्याचं जंगल' ही गोष्ट इगतपुरी-त्र्यंबकच्या डोंगरात थोडीफार लागू पडेल, गोदाकाठाला नाही. दारणा धरण १९१६ सालचं, नांदूर मध्यमेश्वरचा बंधाराही त्याच सुमाराचा. कालवे आले, पाठोपाठ ऊस आला, कारखाने आले. त्याआधी तिथे तुमच्या पणजोबांची कोरडवाहू शेती होती. बिबट्याला जंगलच पाहिजे असंही नाही. दिवसा पडून राहायला आडोसा, प्यायला पाणी आणि त्याच्या मापाचं भक्ष्य एवढं मिळालं की त्याचं भागतं. ऊस वर्ष-दीड वर्ष उभा असतो, आत माणूस क्वचित शिरतो, पाट वाहता असतो आणि वस्तीवस्तीवर कुत्री. तुमच्या बांधावरचा बिबट्या बहुधा उसातच जन्मला असेल, कदाचित त्याची आईसुद्धा. तो वाट चुकून आलेला नाही आणि तुम्हीही घुसखोर नाही. मित्राला म्हणावं, हवं तर चार दिवस मुक्कामाला ये, पण रात्री पिकाला पाणी देताना दारं धरायला बरोबर यावं लागेल.

आता तो तुम्हाला ओळखतो का? माझ्या मते तो तुमच्या वेळा ओळखतो. शेजारी अकोले तालुक्यात विद्या अत्रेय आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी बरीच वर्षं या विषयावर काम केलं. जंगल नावालाही नाही अशा शेतीच्या खोऱ्यात त्यांना आपोआप फोटो काढणाऱ्या कॅमेरा ट्रॅपमधून दर शंभर चौरस किलोमीटरला सुमारे ४.८ प्रौढ बिबटे असल्याचा अंदाज आला. हा निष्कर्ष २०१३ मध्ये प्रसिद्ध झाला. पुढे काही बिबट्यांना जीपीएस कॉलर लावले, तेव्हा दिसलं की दिवसा ते घरांपासून लांब पिकात पडून राहतात आणि रात्री पुष्कळदा घरांपासून पंचवीस मीटरच्याही आत फिरतात. म्हणजे तुम्हाला तो एकदा दिसला, पण त्यानं तुम्हाला आजवर किती वेळा पाहिलं असेल याची गणतीच नाही. मोटार कधी सुरू होते, दिवे कधी मालवतात, कुत्रं कुठे झोपतं हे त्याला माहीत असणारच, कारण माणूस टाळून जगायचं तर माणसाच्या वेळा माहीत असाव्याच लागतात. हे पाळत ठेवणं शिकारीसाठी असतं तर आपल्या जिल्ह्यात रोज बातमी आली असती. भीती वाटते ती खोटी नाही. पण 'माझ्या मागावर आहे' असं वाटून झोप उडाली असेल, तर तेवढं ओझं उतरवून ठेवा.

वीस पावलांवर तो बसून राहिला याचा अर्थ भाऊबंद 'धीट झालाय' असा लावतील. एका प्रसंगावरून तसं म्हणता येत नाही. सातला अंधार पडत आलेला, त्याची उठायची वेळ झालेली, तुम्ही अचानक समोर आलात. त्यानं गुरगुर केली नाही, कान मागे पाडले नाहीत, शेपटी आपटली नाही आणि पाठ फिरवून गेला. हे साधं वागणं आहे. दिवसाढवळ्या अंगणात येणं, माणूस ओरडला तरी न हटणं, माणसाच्या मागे मागे येणं, लंगडणं किंवा अगदी हाडं दिसण्याइतका खंगलेला असणं, यातलं काही दिसलं तर गोष्ट वेगळी. तसं झालं तर वनखात्याच्या १९२६ या हेल्पलाइनवर त्याच क्षणी फोन करा. हे वाचून मग काय करायचं बघू, असं करू नका.

पिंजऱ्याकडे येतो. बिबट्या वन्यजीव कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत, म्हणजे सगळ्यात कडक संरक्षण असलेल्या प्राण्यांच्या यादीत आहे. त्याला पकडायला मुख्य वन्यजीव रक्षकांची परवानगी लागते. 'दिसला' एवढ्या कारणावर ती मिळत नाही आणि मिळूही नये असं माझं मत आहे. कारण ऐकायला सोपं आहे, पटायला जड. एका भागात एक मोठा नर आणि एक-दोन माद्या आपापली हद्द धरून असतात. त्यातला एक उचललात तरी ऊस, पाणी आणि कुत्री तशीच राहतात. रिकामी झालेली जागा धरायला दुसरा येतो, बहुतेक वेळा तरणा आणि इथल्या माणसांच्या वेळा ठाऊक नसलेला. आणि उचललेला सोडायचा कुठे? जुन्नर भागात २००१ नंतर असे पकडून दुसरीकडे सोडण्याचे प्रयोग मोठ्या प्रमाणावर झाले. त्याआधी माणसांवर वर्षाला सरासरी ४ हल्ले होत होते, त्या काळात ते १७ वर गेले. यावरचा शोधनिबंध २०११ मध्ये आला. २००९ मध्ये पारनेर तालुक्यातल्या टाकळी ढोकेश्वरजवळ विहिरीतून काढलेला एक म्हातारा नर माळशेज घाटात सोडला, तर तो सव्वाशे किलोमीटरच्या आसपास चालत बोरिवलीच्या राष्ट्रीय उद्यानात जाऊन पोचला. त्याच्या गळ्यात कॉलर होती म्हणून ते कळलं. सोडलेला प्राणी सोडलेल्या जागी थांबेल, हा आपला हिशेब असतो, त्याचा नसतो.

पण पिंजरा कधीच नको असं म्हणणाऱ्यांतला मी नाही. २०२० मध्ये दारणाकाठच्या गावांत बिबट्याच्या हल्ल्यांत माणसं दगावली, लहान मुलंही गेली. तिथे पिंजरे लागले आणि लागायलाच हवे होते. माणसावर हल्ला झाला की सहजीवनाचं भाषण करायला कुणी जाऊ नये. म्हणून तुमच्या बाबतीत मला एक गोष्ट माहीत असायला हवी. गेल्या वर्षभरात तुमच्या आणि लागून असलेल्या गावांत माणसावर हल्ला झालाय का? झाला असेल तर एकट्यानं निवेदन देऊ नका. ग्रामपंचायतीमार्फत द्या, तारखा आणि जागा लिहून द्या, पिंजरा आणि गस्त दोन्ही मागा. नसेल झाला, तर पिंजऱ्यामागे धावण्यात जे दोन महिने जातील ते पुढच्या कामांना द्या.

सगळ्यात आधी कुत्रं. तुमचं कुत्रं बहुधा त्यानंच नेलं. अकोले तालुक्यातल्याच अभ्यासात बिबट्यांच्या विष्ठेवरून त्यांचा आहार तपासला, तेव्हा वजनाच्या हिशेबानं सगळ्यात मोठा वाटा, सुमारे ३९ टक्के, कुत्र्यांचा निघाला. शेळ्यांचा ११ टक्के. त्या भागात शेळ्या कुत्र्यांच्या सातपट होत्या, तरीसुद्धा. कारण तुम्हीही ओळखाल. शेळी रात्री कोंडलेली असते, कुत्रं मोकळं किंवा अंगणात बांधलेलं असतं. आता 'राखणीला' म्हणून लगेच दुसरं पिल्लू आणाल, तर रात्री ते घरात किंवा बंद खोलीत घ्यायची तयारी असेल तरच आणा. अंगणात साखळीला बांधलेलं कुत्रं राखण करत नाही, ते बिबट्याला दारापर्यंत आणतं. आणि तुमच्या दारातच तुमची मुलगी खेळते.

कुत्री जमतात कशानं, हे आमच्या धंद्यातलं आहे म्हणून जरा लांबवतो. गाय व्याली की पडलेला जार (वार) बांधावर भिरकावून देतात. मेलेलं वासरू ओढ्यात टाकतात. पोल्ट्रीवाला मेलेल्या कोंबड्या गोणीत भरून रात्री पुलावरून खाली सोडतो. एका अशा जागेवर आठवड्यात डझनभर कुत्री जमतात आणि त्यांच्यामागे बिबट्या येतो. जार पुरायला दोन-अडीच फूट खड्डा पुरतो. मोठं जनावर असेल तर जेसीबीनं सहा फूट खड्डा, खाली-वर चुना आणि वरून मातीचा ढीग. खर्च होतो, मान्य आहे. पण तुमच्या शिवारात कोण कुठे काय टाकतं ते तुम्हाला पक्कं माहीत असतं, आणि हे एकट्यानं करून भागत नाही. तुमच्या आळीतल्या पाच-सात वस्त्यांनी मिळून ठरवावं लागेल. पिंजऱ्यासाठी भाऊबंद एकत्र येतात, तसे यासाठी येतात का बघा.

गोठा. मी पाहिलेल्या बहुतेक घटनांत भिंत होती, दार होतं, छप्पर अर्धवट होतं. सहा फुटांची भिंत बिबट्याला अडथळाच वाटत नाही. भिंत आणि पत्रा यांच्यामधली हवेची फट त्याला पुरते. आत उतरला आणि शेळ्या सैरावैरा धावू लागल्या की तो एकीवर थांबत नाही, समोर येईल तिला धरतो. सकाळी पाच-सहा मेलेल्या आणि खाल्लेली एखादीच असं दिसतं ते यामुळे. लोक म्हणतात रक्ताला चटावला. खरं कारण एवढंच की आत कोंडलेल्या शेळीला पळायला वाट नव्हती आणि त्याची झडप घालायची ओढ थांबत नव्हती. उपाय म्हणजे वरून आणि बाजूंनी पूर्ण बंद असलेला, लोखंडी जाळीचा खण. चेनलिंक जाळी दोन इंची घराची, खालून कोब्यात बसवलेली, वर पत्रा किंवा तीच जाळी, आणि दाराला आतून कुणी ढकललं तरी न निघणारी कडी. सहा शेळ्यांना दहा बाय बाराचा खण भरपूर होतो. हवा खेळती राहते, न्यूमोनियाही कमी होतो. बंद कुडात शेळ्या कोंडणाऱ्यांना मी हे बिबट्याच्या आधीपासून सांगत आलोय. गायींची चिंता कमी. मोठी गाय बिबट्या सहसा अंगावर घेत नाही. त्याचं वजन नराचंच साधारण ५० ते ७० किलो, मादीचं त्याहून बरंच कमी. पण दावणीला बांधलेलं वासरू आणि लहान कालवड रात्री आत घ्या.

घर आणि ऊस यांच्यात अंतर ठेवा. तुमच्या फोटोत ऊस अंगणाला भिडलेला दिसतो. पुढच्या लागणीला घराभोवती निदान तीस-चाळीस फूट कांदा, हरभरा, भुईमूग असं काहीतरी गुडघ्याखालचं पीक घ्या. द्राक्षबाग असली तरी चालेल, तिच्यात खालून आरपार दिसतं. जनावरांचा घास घराला लागून असतो आणि बाया तो ओणव्यानं कापतात, म्हणून घासाची आणि उसाची कड एक होऊ देऊ नका. संडासाची वाट, पाण्याची टाकी आणि गोठ्याचं दार या तीन ठिकाणी दिवा लावा. सगळ्या वस्तीवर हॅलोजन लावलंत तर बिल येईल आणि बिबट्याला पंधरा दिवसांत त्याची सवय होईल. दिवा त्याला घाबरवायला लावायचा नाही, तुम्हाला तो आधी दिसावा म्हणून लावायचा.

रात्रीची लाईट हा विषय काढल्याशिवाय पुढे जाता येत नाही. आठवड्याआड रात्री थ्री फेज, म्हणजे शेतीपंपाची वीज येते, मोटार रात्री चालते आणि माणूस अंधारात वाफ्यात ओणवा होऊन दारं मोडतो. बिबट्याच्या नजरेला उभा माणूस उंच आणि अनोळखी आकाराचा दिसतो. ओणवा किंवा उकिडवा बसलेला माणूस एखाद्या जनावराच्या उंचीवर येतो. लहान मूल तर उभंच त्या उंचीवर असतं. उसाच्या पट्ट्यात जखमी झालेल्यांची हकीकत विचारा, बऱ्याच जणांत हेच निघतं. पाणी भरत होतो, घास कापत होते, बाहेर बसलो होतो. शेतकऱ्यानं हौसेनं रात्र निवडलेली नाही, त्यामुळे 'रात्री बाहेर पडू नका' हा पोस्टरवरचा सल्ला मला पोकळ वाटतो. दिवसाच्या विजेची मागणी ही बिबट्यापासून बचावाचीही मागणी आहे, असं निवेदनात लिहा. तोवर मोटारीला मोबाइल स्टार्टर बसवा, म्हणजे नुसतं चालू-बंद करायला जावं लागणार नाही. ठिबक असेल तर दारं मोडणं वाचतं. जावंच लागलं तर दोघं जा, डोक्याला लावायची बॅटरी घ्या, आणि मोबाइलवर गाणी किंवा कीर्तन मोठ्यानं लावा. सिन्नरकडचे बरेच जण काठीला घुंगरू बांधतात, त्यात काही खुळेपणा नाही. तुम्ही येताय हे त्याला आधी कळलं की तो बाजूला होतो. आणि ओणवं होण्याआधी एकदा चारी बाजूंना बॅटरी फिरवा.

मुलीचं. शाळेची वाट बदलता येते का ते आधी बघा, दहा मिनिटं जास्त लागली तरी चालेल. वाट तीच असेल तर पाच-सहा मुलं एकत्र, बरोबर एक मोठं माणूस, आणि उन्हं वर आल्यावरच. हिवाळ्यात सकाळची शाळा असेल तर मुख्याध्यापकांशी बोला. पूर्वी वाडीवस्तीवरच्या शाळांनी वेळ मागेपुढे केल्याचं मी पाहिलंय. दिवेलागणीनंतर अंगणात एकटं खेळणं बंद. आई संडासाला जाताना नात सोबत येते असं तुम्ही लिहिलंय, तर उलट करा. दोघींबरोबर तिसरं मोठं माणूस असू द्या. मुलीला घाबरवू नका, पण एक गोष्ट खेळासारखी शिकवा. बिबट्या दिसला तर पळायचं नाही, बाबाला घट्ट धरायचं. आणि तुम्ही तिला पटकन कडेवर घ्यायचं. घेताना वाकू नका, नजर त्याच्यावर ठेवून गुडघ्यात जरा दबून उचला. दोघं मिळून एक उंच आकार दिसला पाहिजे.

समोरासमोर आल्यावर तुम्ही जे केलंत, थांबलात, तेच बरोबर होतं. पुढच्या वेळी त्यात थोडी भर घाला. हात किंवा उपरणं वर करून मोठे दिसा, खड्या आवाजात बोला, आणि तोंड त्याच्याकडेच ठेवून एकेक पाऊल मागे या. दगड उचलायला वाकू नका. पळणाऱ्याच्या मागे लागणं हा मांजरकुळाचा स्वभाव आहे, तो त्याच्या इच्छेवर नसतो. त्याची उसात जायची वाट अडेल असं उभं राहू नका. पिल्लांची आई असेल तर ती गुरगुरत दोन-चार पावलं अंगावर आल्यासारखं करते. ती हूल असते. तेव्हाही पाठ न दाखवता मागे सरकायचं. चुकून झडप घातलीच तर गळा आणि मान झाका आणि हातात असेल त्यानं मारा, ओरडा. जखम झाली, साधं नख लागलं तरी, साबण आणि वाहत्या पाण्यानं पंधरा मिनिटं धुवायची. हळद-चुना भरायचा नाही, आणि त्याच दिवशी रेबीजची लस, डॉक्टरांनी सांगितलं तर इम्युनोग्लोब्युलिन (तयार प्रतिपिंडांचं इंजेक्शन) ही. जो प्राणी रोज कुत्री खातो त्याच्या दातांना रेबीज लागलेला नसेल, असं मी तरी धरून चालणार नाही. बिबट्यानं चावा घेतलेली शेळी-गाय वाचली तर तिलाही लस टोचून घ्या.

बिबट्या पाहायला गर्दी जमवणं हा वेगळाच आजार आहे. जानेवारी २०१९ मध्ये नाशिक शहरात, गंगापूर रोडच्या सावरकरनगरात बिबट्या शिरला तेव्हा बघायला आणि चित्रण करायला गेलेलेही जखमी झाले. चारही बाजूंनी माणसं दिसली की त्याला सुटायला वाट उरत नाही, मग तो ज्या बाजूला कमी माणसं तिकडे उडी घेतो. तुमच्याकडे विहिरीत पडला तरी हेच. गावाला लांब ठेवा, वनखातं येईपर्यंत दोरांनी खाट सोडून ठेवली तर तो तिच्यावर बसून राहतो. आणि नंतर विहिरीला कठडा बांधा.

शेळी मेली तर काय, हेही विचारलंत. हात लावू नका, ओढून बाजूला टाकू नका. मोबाइलवर फोटो काढा आणि त्याच दिवशी, उशिरात उशिरा ४८ तासांच्या आत, वनरक्षकाला आणि आमच्या दवाखान्याला कळवा. आम्ही काय बघतो ते सांगतो, म्हणजे उगाच आमच्याशी भांडण होणार नाही. बिबट्या गळा धरतो. गळ्याखाली किंवा मानेवर मोजके, खोल दात, आणि तिथली कातडी सोलली की खाली रक्त साकळलेलं. म्हणजे जनावर जिवंत असताना धरलं होतं. कुत्र्यांचं काम मागून सुरू होतं. मांड्या, शेपूट, सड फाडलेले, ओरखडे सगळीकडे, दोन-तीन शेळ्या अर्धवट जखमी. जमिनीवर ठसा असेल तर त्यावर पाटी पालथी घालून ठेवा. बिबट्याचा ठसा गोलसर, सात-आठ सेंटिमीटर रुंद, आणि नखं उमटत नाहीत. कुत्र्याची आणि तरसाची उमटतात. आधीच मेलेल्या शेळीवर बिबट्याचा शिक्का मागणारेही येतात, आणि कातडी सोलली की ते कळतं. तुम्ही त्यातले नाही, पण आम्ही एवढं बारकाईनं का बघतो ते कळावं म्हणून सांगितलं. भरपाईचे दर शासन निर्णयाप्रमाणे बदलतात, चालू आकडा वनरक्षक सांगेल. मढ्यावर विषारी औषध मारून ठेवायचा सल्ला कुणी दिला तर त्याचं ऐकू नका. त्यात गावातली कुत्री, घारी मरतात, आणि तुमच्यावर फौजदारी होते. पंचनामा झाल्यावर मढं घराजवळ असेल तर पुरून टाका, कारण तो दुसऱ्या रात्री उरलेलं खायला परत येतो. लांब शेतात असेल तर तसंच राहू द्यावं असं माझं मत आहे, त्यानं दुसरी शेळी तेवढ्या दिवसांपुरती तरी वाचते. यावर खात्यातही एकमत नाही.

तर क्रम असा लावा. या आठवड्यात शेळ्यांचा खण आणि संडासाच्या वाटेवरचा दिवा. या महिन्यात आळीतल्या लोकांशी जार, मढी आणि कोंबड्यांबद्दल बोलणं, मोबाइल स्टार्टर, शाळेची सोबत. घराभोवतीचं पीक पुढच्या लागणीला.

आणि तुमचा ऊस यंदा तुटणार आहे, म्हणून शेवटचं. तोड सुरू झाली की त्याचा आडोसा रोज आक्रसतो, तेव्हा तो दिवसाही दिसेल. त्या दिवसांत सावध राहा, पण तेवढ्यावरून बिथरला असं समजू नका. तोड फडाच्या एका कडेनं पुढे सरकू द्या, मध्येच चारी बाजूंनी वेढा पडेल अशी नको. ऊसतोड टोळीच्या मुकादमाला पहिल्याच दिवशी सांगून ठेवा की पिल्लं सापडली तर हातात घेऊन फोटो काढायचे नाहीत, तेवढी सरी सोडून काम दुसरीकडे वळवायचं आणि १९२६ ला कळवायचं. आई जवळपासच असते. वनखात्याची माणसं पिल्लं क्रेटमध्ये घालून संध्याकाळी त्याच जागी ठेवतात आणि बहुतेक वेळा ती रात्रीतून येऊन घेऊन जाते. पिल्लं तालुक्याला नेली तर तीच आई चार रात्री तुमच्या वस्तीभोवती हिंडेल. टोळीच्या कोप्या (झोपड्या) उसाच्या कडेला पडू देऊ नका. त्यांच्यात तुमच्या मुलीच्या वयाची मुलं असतात आणि ती उघड्यावर झोपतात. गोठ्याच्या भिंतीलगत, दिव्याच्या उजेडात जागा द्या, आणि तुमचा संडास त्यांना वापरू द्या.